पोलंडची फूड वॉकिंग टूर घेताय? बुकिंगपासून शेवटच्या घासापर्यंत काय, कधी आणि कुठे चुकतं

क्राकोव्हला राहायला आल्यापासून घरी पाहुण्यांची ये-जा सुरूच आहे, आणि प्रत्येकाला गाईडबरोबर पायी फिरत पोलिश पदार्थ चाखायची टूर करायचीच असते. संध्याकाळी घरी आल्यावर मी विचारते कशी झाली, आणि उत्तरं ठरलेली. तिसऱ्याच ठिकाणी पोट टम्म झालं, पुढचं सगळं नुसतं बघत बसलो. व्हेज सांगितलं होतं तरी सूपमध्ये सॉसेज. टूर फ्री होती म्हणून घेतली पण खायला काहीच दिलं नाही. यातली जवळजवळ प्रत्येक चूक टूर सुरू व्हायच्या आधीच झालेली असते, बुकिंग करताना, मेल लिहिताना, नाहीतर त्या दिवशी सकाळी हॉटेलच्या नाश्त्याला. तेच तेच फोनवर सांगण्यापेक्षा एकदा क्रमाने लिहून काढतेय. उदाहरणं क्राकोव्हची आहेत कारण हे गाव माझ्या पायाखालचं आहे, पण वॉर्सा किंवा ग्दान्स्कला जाणार असाल तरी जागांची नावं बदलतील, पद्धत हीच.

१. आधी ओळखा, टूर नक्की कसली आहे

नाव सगळ्यांचं 'फूड टूर' असलं तरी आत तीन वेगळे प्रकार असतात.

पहिला, पैसे आधी भरायची टूर. खाणं किंमतीतच धरलेलं, साधारण तीन-चार तास, चार ते सहा ठिकाणं, छोटा ग्रुप. पहिल्यांदाच येणाऱ्याने हीच घ्यावी असं माझं स्पष्ट मत आहे.

दुसरा, 'फ्री' टूर. इथे गाईडचं चालणं-बोलणं फ्री असतं, तेही शेवटी टिप द्यायची या समजुतीवर, आणि खाण्याचे पैसे आपले आपण. काही गाईड दुकानं नुसती दाखवतात आणि पुढे चालायला लागतात. ही फसवणूक नाही, वर्णनात लिहिलेलं असतं, पण 'फ्री' वाचल्यावर पुढचं कोणी वाचत नाही.

तिसरा, वोडका टूर. फोटोत खाणं दिसतं पण ते सोबतीला, म्हणजे हेरिंग मासा, लोणच्याची काकडी, ब्रेडवर चरबी. दारू न पिणाऱ्याने ही घेऊ नये, शाकाहारी माणसाने तर नाहीच, ताटात काकडी सोडून काही उरणार नाही.

*पैसे भरण्याआधी तपासा:* किती ठिकाणं, बसून खायचं की उभ्याने, ग्रुप जास्तीत जास्त किती जणांचा, ड्रिंक्स धरलीयेत का, पाऊस-बर्फ पडला तर काय, आणि कॅन्सल करायची शेवटची वेळ कोणती. यातलं काही वर्णनात नसेल तर मेल करून विचारा, त्या उत्तरावरूनच पुढचा अंदाज येतो. नीट उत्तर देणारा माणूस टूरवरही नीट वागतो.

पाच-सहा जणांचं कुटुंब असेल, त्यात आजी-आजोबा, एक लहान मूल आणि दोन शाकाहारी, तर ग्रुप टूरच्या नादी लागू नका, प्रायव्हेट टूरचा भाव विचारा. माणशी फरक वाटतो तेवढा नसतो कधी कधी, आणि आजोबांना बाकावर दहा मिनिटं टेकता येतं.

२. वार आणि वेळ

रविवार टाळा. पोलंडमध्ये वर्षातले मोजके रविवार सोडले तर मोठी दुकानं रविवारी कायद्यानेच बंद असतात. रेस्टॉरंटं चालू असतात त्यामुळे टूर होते, पण मंडईचा भाग गळतो. आणि क्राकोव्हची खरी मजा स्तारी क्लेपाशच्या मंडईत आहे, जुन्या गावाच्या बार्बिकन बुरुजापासून पाचेक मिनिटांवर. पिंपातली आंबवलेली कोबी, काकड्या, चीज, वाळवलेल्या अळंब्यांच्या माळा, हे सगळं तिथे. शनिवारी सकाळी सगळ्यात छान, आठवड्यात इतर दिवशी सकाळी पण चालेल.

२४ डिसेंबरला टूर शोधू नका. ती इथल्या लोकांची वर्षातली सगळ्यात महत्त्वाची घरची पंगत, दुपारनंतर गाव चिडीचूप. ईस्टरचा रविवार-सोमवार आणि १ नोव्हेंबरही तसेच.

वेळ म्हणाल तर सकाळी अकरा-साडेअकराची घ्या. इथलं मुख्य जेवण दुपारीच असतं, सूप ताजं असतं, आणि हिवाळ्यात उजेड मिळतो. डिसेंबरमध्ये इथे पावणेचारच्या सुमाराला सूर्य मावळतो, चार वाजता सुरू होणारी टूर म्हणजे अंधारात आणि शून्याखालच्या थंडीत चालणं.

विमानातून उतरलात त्याच दिवशीचं बुकिंग नको. पोलंड आपल्यापेक्षा उन्हाळ्यात साडेतीन आणि हिवाळ्यात साडेचार तास मागे आहे. फरक थोडा वाटतो, पण रात्रभर प्रवास करून आलेल्या पोटाला आंबट सूप आणि डुकराची चरबी झेपत नाही.

आणि एक, आपलं कॅलेंडर बघा. माझ्या मामींची टूर नेमकी एकादशीला आली होती. पैसे भरलेले, कॅन्सल करायची वेळ गेलेली, सगळीकडे फिरल्या आणि शेवटी हॉटेलवर येऊन केळी खाल्ली. मला अजून वाईट वाटतं त्याचं. चतुर्थी, एकादशी, श्रावणी सोमवार, जे काही पाळत असाल ते बुकिंगच्या आधी बघून घ्या.

३. काय खात नाही ते कळवणं (इथेच सगळ्यात जास्त चुकतं)

फॉर्ममध्ये 'व्हेजिटेरियन' वर टिक केली म्हणजे काम झालं असं समजू नका. गाईडला शब्द कळतो, पण स्वयंपाकघरात त्याचा अर्थ आपल्यासारखा लागेलच असं नाही. चार जागी घोळ होतो.

पहिला, मासा. पोलिशमध्ये 'मांस' म्हटलं की त्यात मासा धरत नाहीत. ख्रिसमसच्या आदल्या रात्रीचं जेवण मांसाशिवायचं, पण त्यात कार्प मासा आणि हेरिंग हवेतच. म्हणून 'मांस नको' एवढंच म्हणालात तर समोर मासा येऊ शकतो, आणि आणणाऱ्याला त्यात काही चुकलंय असं वाटणारही नाही. मासा नको हे वेगळं सांगा.

दुसरा, सूपचं पाणी. झुरेक हे राय नावाच्या गव्हासारख्या धान्याच्या पिठाच्या आंबवणाचं आंबट सूप. आंबवण शाकाहारी, पण सूप उकळतात सॉसेज किंवा धुरावलेल्या मांसाच्या पाण्यात, म्हणजे सॉसेजचे तुकडे बाजूला काढून उपयोग नाही. बिटाचं लाल बार्श्च दिसायला अगदी निष्पाप, पण बऱ्याच ठिकाणी तेही हाडांच्या पाण्यावर. टोमॅटो सूप तर घरोघरी रविवारच्या चिकन सूपच्या उरलेल्या पाण्यात करतात. प्रत्येक सूपला एकच प्रश्न विचारा, मांसाच्या पाण्यात केलंय का? पोलिशमध्ये 'ना म्येंश्ये?' एवढं म्हणालात तरी समजतं.

तिसरा, वरून टाकलेलं. प्येरोगी, म्हणजे उकडलेल्या करंज्याच म्हणा. त्यातले 'रुस्क्ये' बटाटा, त्फारुक नावाचं पनीरसारखं चीज आणि कांदा यांचे असतात, आत मांस नाही. पण वाढताना वरून 'स्क्फार्की' टाकतात, डुकराच्या चरबीचे तळलेले कुरकुरीत बारीक तुकडे. तळलेल्या कांद्यात ते मिसळून जातात, ओळखू येत नाहीत. ऑर्डर देतानाच 'बेझ स्क्फारेक' म्हणायचं. (नावावरून गोंधळू नका, हे रशियाचे नव्हेत. २०२२ नंतर बऱ्याच मेनूंवर त्यांना 'युक्रेनी' प्येरोगी लिहायला लागलेत, पदार्थ तोच.)

चौथा, टेबलावर न मागता आलेली वाटी. ब्रेड, काकडी आणि पांढराशुभ्र मऊ गोळा. आपल्याला वाटतं लोणी. ते 'स्मालेत्स', डुकराची चरबी, कांदा-मसाला घालून केलेली. माझ्या ओळखीच्या एका काकांनी दोन स्लाईस लावून खाल्ल्यावर विचारलं की हे लोणी कुठल्या गायीचं, आणि मग पुढची सगळी टूर ते गप्प होते. घेवड्याच्या दाण्यांचं व्हेज स्मालेत्सही मिळतं, पण ते कोणी मुद्दाम सांगितलं तरच खरं धरा.

राजम्यासारखं दिसणारं एक प्रकरण मेनूवर असतं, टोमॅटोच्या रश्श्यातल्या पांढऱ्या बिया, 'फासोल्का पो ब्रेतोन्स्कू'. आत सॉसेज किंवा बेकन असतं. परतलेल्या कोबीतही बेकन असू शकतं.

अंड्याचं वेगळं सांगावं लागतं. बटाट्याच्या प्लात्स्कीत, म्हणजे किसलेल्या बटाट्याच्या धिरड्यांत अंडं, केकमध्ये अंडं, प्येरोगीच्या कणकेतही काही जण घालतात. इथल्या व्हेजमध्ये अंडं चालतंच असं धरलेलं असतं.

चीजबद्दल कडक असाल तर ऑस्त्सिपेकला हात लावू नका, डोंगराळ भागातलं हे मेंढीच्या दुधाचं धुरावलेलं चीज, ते वासराच्या पोटातून काढलेल्या रेनेट नावाच्या विरजणाने विरजतात. बेक केलेला सेर्निक म्हणजे चीजकेक अंडं चालत असेल तर घ्या, पण 'ना झिम्नो' म्हणजे थंड सेट केलेला असेल तर त्यात जिलेटिन असतं. पोंच्की, गुलाबाच्या जॅमचे डोनट, पारंपरिक पद्धतीने चरबीत तळतात, हल्ली पुष्कळ जण तेलात तळतात, तेव्हा दुकानात विचारायचं.

नॉनव्हेज खाणारे पण बीफ न खाणारे असाल तर तेही लिहा, कारण प्येरोगीतला खिमा बऱ्याचदा डुकराचं आणि गायीचं मांस मिसळून केलेला असतो. 'तातार' हे कच्चं बीफ, 'फ्लाकी' गायीच्या आतड्या-पोटाचं सूप. 'काशांका' ही डुकराच्या रक्ताची आणि भरड धान्याची सॉसेज. बीफला 'वोवोविना' आणि पोर्कला 'व्येप्शोविना' म्हणतात, हे दोन शब्द पाठ करा.

जैन मंडळींना मी स्पष्टच सांगते, ग्रुप टूर तुमच्यासाठी नाही. कांदा, लसूण, बटाटा काढला तर या स्वयंपाकात फार थोडं उरतं. प्रायव्हेट टूर घ्या, मंडईतली फळं, फळांचे प्येरोगी, त्यात अंडं नाही ना हे विचारून, आणि ऑब्वाझानेक नावाचा गोल ब्रेड, एवढ्यावर गाईड छान फिरवू शकतो, पण आधी दोन-तीन मेल करावे लागतील.

आता मेल कसा लिहायचा. 'वी आर प्युअर व्हेज' असं एक वाक्य नको. प्रत्येक गोष्ट वेगळ्या ओळीत लिहा: मांस नाही, मासा नाही, मांसाच्या पाण्यातलं सूप नाही, स्मालेत्स आणि स्क्फार्की नाही, अंडं चालतं की नाही, किती माणसांना हे लागू आहे. खाली एकच प्रश्न: एकूण ठिकाणांपैकी किती ठिकाणी आम्हाला नीट खायला मिळेल? हा प्रश्न अजिबात गाळू नका, कारण 'हो हो, व्हेज ऑप्शन आहेत' याचा अर्थ पाचातल्या दोन ठिकाणी नुसता ब्रेड असाही निघू शकतो.

ॲलर्जी असेल तर तीही इथेच. सेलेरीचा कंद जवळजवळ प्रत्येक सूपमध्ये असतो, मोहरी आणि गहू सगळीकडे, खसखस आणि अक्रोड केकमध्ये. युरोपात १४ ॲलर्जन्सची माहिती विचारल्यावर द्यावीच लागते, तेव्हा संकोच नको.

*सावधान:* मेलचं उत्तर लेखी ठेवा आणि हीच यादी पोलिश भाषेत फोनवर सेव्ह करा. बऱ्याचदा मेलला उत्तर देणारं ऑफिस वेगळं आणि प्रत्यक्षात येणारा गाईड वेगळा, निरोप मधेच अडकलेला असतो. भेटल्या भेटल्या त्याला फोन दाखवा.

४. आदला दिवस आणि सकाळ

आदल्या रात्री हलकं जेवा. सकाळी हॉटेलचा नाश्ता पैशात आहे म्हणून चार प्लेटी भरून खाऊ नका, मी हात जोडून सांगते. पण उपाशीही जाऊ नका, पहिल्याच ठिकाणी तुटून पडाल आणि मग तेच होईल. एक टोस्ट किंवा वाटीभर दही, चहा, बास.

बूट पायाला सरावलेले घ्या, नवीन नको, जुन्या गावात दगडी फरशा आहेत आणि थंडीत त्या निसरड्या होतात. हिवाळ्यात कपडे थरांमध्ये घाला, कारण आत गेलं की हीटर आणि बाहेर बर्फ, दर अर्ध्या तासाला काढ-घाल होणार. पाण्याची बाटली न्या, नळाचं पाणी पिण्यासारखं असतं. दुकानात पाणी घेतलंत तर 'न्येगाझोवाना' म्हणजे साधं, 'गाझोवाना' म्हणजे सोडा.

पैसे झ्लोटीत. कार्ड जवळपास सगळीकडे चालतं, थोडी कॅश आणि सुटे मात्र ठेवा, टिप, टॉयलेट आणि मंडईतल्या आजीबाईंसाठी. कार्डाच्या मशीनने विचारलं रुपयात की झ्लोटीत, तर नेहमी झ्लोटी.

चटणीची डबी पर्समध्ये नेऊ नका. घरी खुशाल खा. पण कोणी मायेने सूप समोर ठेवलं आणि आपण चाखायच्या आधीच वरून तिखट टाकलं तर त्या माणसाचा चेहरा पडतो, मी पाहिलाय. झणझणीत हवंच असेल तर 'ख्शान' मागा, किसलेला हॉर्सरॅडिश, मोहरीसारखा थेट नाकात जातो.

५. भेटायची जागा

इथले लोक वेळेचे पक्के आहेत. गाईड पाच-दहा मिनिटं थांबेल, मग निघेल, आणि पुढच्या ठिकाणी टेबल बुक असतं त्यामुळे त्याचाही नाइलाज असतो.

नावांचा गोंधळ असा की रिनेक ग्वुव्नी हा मोठा चौक आणि मावी रिनेक हा त्याच्या मागचा छोटा चौक. स्तारी क्लेपाश वेगळं, नोवी क्लेपाश वेगळं, दोन्ही मंडया, एकीत उभं राहून दुसरीतल्या गाईडला फोन करणारे मी स्वतः पाहिलेत. मोठ्या चौकात कवी आदाम मित्स्क्येविचचा पुतळा आहे, स्थानिक लोक 'पॉद आदाश्येम' म्हणजे 'आदाशच्या खाली भेटू' म्हणतात, तिथे एकाच वेळी चार-पाच ग्रुप जमलेले असतात. गाईडच्या हातात छत्री कुठल्या रंगाची, पाटी कसली, ते मेलमध्ये बघून ठेवा नाहीतर भलत्याच टूरमागे चालत जाल.

*तपासा:* नकाशावरची पिन सेव्ह केली का, गाईडचा नंबर फोनमध्ये आहे का, आणि इंटरनेट चालतंय का.

६. प्रत्यक्ष टूर: कुठे किती खायचं

क्रम साधारण असा असतो: रस्त्यावरचा ऑब्वाझानेक, मंडईत चाखणं, सूप, प्येरोगी, एखादा जड पदार्थ, गोड. एकच लक्षात ठेवा, पहिल्या दोन ठिकाणी पुढ्यात आलेल्याच्या निम्म्याहून कमी खा. भूक तेव्हाच सगळ्यात जास्त असते आणि पदार्थ सगळ्यात कोरडे-भरड असतात, तिथेच जागा संपते.

ऑब्वाझानेक हा गोल वेटोळ्याचा ब्रेड, भाजायच्या आधी उकळत्या पाण्यातून काढतात, वर मीठ, तीळ किंवा खसखस. एक दोघांत मोडा, उरलेला पिशवीत. शिळा झाला की वातड होतो, तेव्हा त्याच दिवशी संपवा.

मंडईत गाईड कोबी आणि काकडी चाखायला देईल. हे व्हिनेगरचं लोणचं नाही, नुसत्या मिठाच्या पाण्यात आंबवलेलं असतं, आपल्या घरच्या लिंबाच्या मुरलेल्या लोणच्याची आठवण येते मला. पोट नाजूक असेल तर दोन घास पुरे, पिंपातला रस ग्लासभर पिऊ नका, लोक हौसेने पितात आणि मग टॉयलेट शोधतात. ऑस्त्सिपेक विकत घ्यायचं असेल तर ऋतू बघा. खरं ऑस्त्सिपेक साधारण मे ते सप्टेंबरच्या दुधाचं, दोन्ही टोकांना निमुळतं, ६०० ते ८०० ग्रॅमचं असतं. भर हिवाळ्यात हातगाडीवर मिळणारे बोटाएवढे तुकडे बहुतेक गायीच्या दुधाचे असतात, भाजून क्रॅनबेरीच्या जॅमबरोबर तेही मस्त लागतात, फक्त ऑस्त्सिपेकचा भाव देऊ नका.

सूप आलं की ते संपवायची गरज नाही, चार-पाच चमचे नीट चाखा. झुरेकच्या पहिल्या चमच्याला तोंड वाकडं होतं, दुसऱ्याला आंबील आठवते, तिसऱ्याला आवडायला लागतं, म्हणून तीन चमचे तरी घ्या. उन्हाळ्यात आलात तर 'ख्वोद्निक' सोडू नका, बीट, काकडी, शेपू आणि ताकासारखं आंबट दूध घातलेलं गार गुलाबी सूप, बिटाची कोशिंबीर पातळ केली तर जवळपास तिथे पोहोचाल (वर उकडलेलं अंडं असतं, नको असेल तर आधी सांगा).

प्येरोगी वेगवेगळ्या फिलिंगचे मागवून टेबलावर वाटून घ्या, प्रत्येकाने आपापली प्लेट मागवली की संपलंच. शाकाहारी लोकांनी दोन प्लेटी वेगळ्या ठेवायला सांगायच्या, नाहीतर उकळल्यावर कोबी-अळंबीचा आणि खिम्याचा बाहेरून फरक कळत नाही. आधी एक मोडून बघायचा, मग तोंडात.

गोडाला जागा ठेवा. माकोव्येत्स हा काळ्या खसखशीचा रोल, खसखस इतकी की पीठ निमित्तमात्र. मला सगळ्यात आवडतो तोच.

काझीम्येश भागातून टूर जात असेल तर प्लात्स नोवीच्या गोल इमारतीतली झाप्येकांका दाखवतील, लांबलचक अर्ध्या पावावर अळंबी आणि चीज. ग्रुपमध्ये चौघांत एक. मोठ्या चौकापासून तिथपर्यंत पंधरा-वीस मिनिटं चालायचं असतं, त्यामुळे गुडघे दुखणाऱ्यांनी आधीच ट्रामचं विचारून ठेवा.

टॉयलेटला प्रत्येक बसायच्या ठिकाणी जाऊन या, रस्त्यात सापडत नाहीत. दारावर त्रिकोण असेल तर पुरुषांचं, गोल असेल तर बायकांचं. हे माहीत नसल्यामुळे होणारे गोंधळ विचारू नका.

गाईडशी बोला. आपली मंडळी गप्प राहतात, आणि मग तो इतिहासाचं पाठ केलेलं बोलत सुटतो. त्याला विचारा तुझ्या आजीच्या घरी हे कसं करतात, लगेच माणूस खुलतो. आणि वळिवड्याचं सांगा, की १९४३ ते १९४८ या काळात कोल्हापूरजवळच्या छावणीत सुमारे ५,००० पोलिश निर्वासित राहत होते. बऱ्याच पोलिश लोकांना हे ऐकून भरून येतं, एका टूरवर तर गाईडने आम्हाला दुकानदाराकडे नेऊन हे परत सांगायला लावलं होतं.

*सावधान:* पोट भरलं असेल तर 'भरलं' असं सरळ सांगा. सगळं संपवायलाच हवं असा नियम टूरवर नाही. उरलेलं बांधून मागायलाही लाजू नका.

७. वोडका आणि नालेफ्का

घ्यायची नसेल तर पहिल्याच मिनिटाला सांगा, बदली कॉम्पॉत मिळतं, फळं उकळून केलेलं गोडसर पाणी. घेणार असाल तर खाल्ल्यानंतरच, आणि प्रत्येक छोट्या ग्लासामागे पाणी. 'नालेफ्का' म्हणजे फळं-वनस्पती मुरवून केलेली, चेरीची गोड लागते म्हणून पटापट जाते, पण तिच्यातही भरपूर अल्कोहोल असतं. ग्लास उचलताना समोरच्याच्या डोळ्यात बघून 'ना झ्द्रोव्ये'.

रस्त्यात, बागेत बाटली उघडू नका, दंड होतो. गाडी चालवताना रक्तातल्या अल्कोहोलची मर्यादा ०.२ प्रति हजार एवढी कमी आहे, म्हणून टूरनंतर भाड्याची गाडी, सायकल, इलेक्ट्रिक स्कूटर यातलं काहीही चालवू नका. चालत किंवा ट्रामने.

८. पैसे देताना एक शब्द सांभाळून

टूरचे पैसे आधी दिले असतील तर टिप ऐच्छिक आहे, आवडलं असेल तर दहा टक्क्यांच्या आसपास द्या. फ्री टूर असेल तर गाईडचं पोट त्याच टिपवर आहे, ग्रुप पांगताना मागच्या मागे सटकू नका, फार वाईट दिसतं ते.

आता तो शब्द. स्वतंत्रपणे रेस्टॉरंटमध्ये बिलाची कॅश देताना 'जेंकुये' म्हणजे धन्यवाद म्हणालात तर त्याचा अर्थ होतो 'उरलेले ठेवा'. ऐंशीच्या बिलाला शंभरची नोट देऊन सवयीने थँक्यू म्हटलं की वीस झ्लोटी गेले, आणि वेटरने चोरले नाहीत, तुम्हीच दिलेत. पैसे देताना 'प्रोशे' म्हणा, सुटे परत हातात आले की मग जेंकुये.

९. दुसऱ्या दिवशी एकट्याने

टूरवर जे आवडलं त्याचं पोलिश नाव गाईडकडून फोनमध्ये टाइप करून घ्या, ऐकून लिहू नका, स्पेलिंग जमत नाही. दुसऱ्या दिवशी तीच यादी घेऊन 'बार म्लेच्नी'त जा, म्हणजे साधी स्वस्त खाणावळ, आपल्या बैठ्या खाणावळीच्या जातीची. शाकाहारी लोकांना तिथे बरंच मिळतं: फळांचे प्येरोगी, क्रीमबरोबर प्लात्स्की, गोड चीजचे 'लेनिव्ये'.

पद्धत अशी: आधी भिंतीवरचा मेनू वाचायचा आणि ठरवायचं, मग रांगेत लागायचं, कारण काउंटरवर विचार करत उभं राहिलात तर मागच्या आजी बोलतात. तिथेच पैसे द्यायचे, पावती घ्यायची, खिडकीतून पदार्थाचं नाव किंवा नंबर पुकारतात तेव्हा ताट उचलायचं. नंबर पोलिशमध्ये पुकारतात, समजला नाही तर पावती हातात धरून खिडकीजवळ उभं राहा, त्या बाई स्वतःच बघून देतात. दुपारी दोनच्या आत जा, नंतर एकेक पदार्थ संपत जातो आणि पाटीवरचं नाव खोडलेलं दिसतं. खाऊन झालं की ताट टेबलावर सोडायचं नाही, भांड्यांची वेगळी खिडकी असते, तिथे नेऊन ठेवायचं.